निवळणी: गोष्ट विरघळवून पुन्हा घडवण्याची विद्या (वारंवार विचारले जाणारे प्रश्न)

निवळणी म्हणजे काय?

तोंडी सांगितली जाणारी गोष्ट पाण्यात विरघळवायची, तिचे थर सुटे होऊ द्यायचे आणि तळाशी जे बसेल त्यावर नवी गोष्ट घडवायची, ही निवळणी. ती करतो तो निवळकार. थर तीन असतात. वर फेस येतो: नावं, गावं, वार, हुद्दे, कपडे, पशुपक्षी. मध्ये निवळ राहते: आधी काय झालं, मग काय झालं, किती वेळा झालं. तळाला साका बसतो. साका म्हणजे गोष्टीतलं देणं: कोण कोणाचं काय लागतं, कोणी ते बुडवलं, कोणी फेडलं. कुरडयांसाठी गव्हाचा चीक काढलेल्या माणसाला हे थर पहिल्याच वेळी ओळखू येतात.

फेस हवा तसा बदलता येतो, निवळ बऱ्याच अंशी बदलता येते. साका बदलला की ती वेगळी गोष्ट झाली. तिला जुन्या गोष्टीचं नवं रूप म्हणू नये. खालच्या जवळजवळ सगळ्या उत्तरांच्या मुळाशी हा एकच नियम आहे.

हे खरोखर घडतं का?

नाही. निवळणी ही कल्पित विद्या आहे, घंगाळात गोष्ट ओतता येत नाही. तिचे नियम मात्र हवेतले नाहीत. तोंडी गोष्टी माणसांमधून आणि भाषांमधून जाताना त्यांचं काय झिजतं, काय टिकतं, हे पाहून ते बांधले आहेत. उदाहरणाला घेतलेल्या गोष्टीही खऱ्या, घरोघरी सांगितल्या जाणाऱ्या आहेत. ‘चल रे भोपळ्या टुणुक टुणुक’ म्हणणारी आपली म्हातारी बंगालमध्ये दुध्या भोपळ्यातून येते, इराणमध्येही भोपळ्यातूनच घरंगळत येते. वाटेतली जनावरं बदलतात, पाहुणचाराचे पदार्थ बदलतात, कुठे ती लेकीकडे जाते तर कुठे नातीकडे. ज्या घरी ती जाते त्या घरानं तिला सुखरूप परत पोचवायचं असतं, ते कुठेच बदललेलं नाही. पाण्याच्या जागी वही घेऊन हेच टप्पे केले तरी गोष्ट उकलते, त्यामुळे लिहिणाऱ्यांना आणि मुलांना गोष्टी सांगणाऱ्यांना याचा सरळ उपयोग होतो.

साहित्य काय लागतं?

तांब्याचं घंगाळ, सहाण, निवळीच्या बिया, झारा, कापसाची जाड वात, केळीची दोन पानं, जुन्या सुती धोतराचा तुकडा, साका ठेवायला चिनी मातीची छोटी बरणी आणि मंद आचेची शेगडी. घंगाळ बारा लिटरचं असलं की कीर्तनातल्या तासाभराच्या आख्यानापर्यंत पुरतं.

पाण्याचं माप पक्कं आहे: पाच मिनिटांच्या गोष्टीला एक लिटर. सात मिनिटांची असेल तर दोन लिटर, मधलं माप घेऊ नका. पाणी कमी पडलं तर फेस आणि साका एकमेकांना धरून राहतात आणि राजाचं नाव काढायला गेलं की अर्धी गोष्ट निघून येते. जास्त झालं तर क्रम हरवतो, आणि हरवलेला क्रम परत मिळत नाही. विहिरीचं किंवा पावसाचं पाणी उत्तम. नळाचं घेतलं तर रात्रभर उघडं ठेवा, औषधाचा वास पूर्ण गेला पाहिजे.

स्टीलच्या भांड्यात साका तळाला धरत नाही, निवळ काढताना उठून येतो. मातीचं मडकं पालुपद पिऊन टाकतं. ते दुसऱ्या दिवशी मडक्यातून ऐकू येतं, पण गोष्टीत परत घालता येत नाही.

निवळीच्या बियांऐवजी तुरटी चालेल का?

घाई असेल तरी टाळा. तुरटीनं पाणी लवकर स्वच्छ दिसतं, पण ती फेसालाही खाली ओढते. मग साक्यात नावं मिसळतात, आणि नवी गोष्ट सांगताना तोंडात सारखं जुनंच नाव येतं.

निवळीचं बी आपल्याकडे फार पूर्वीपासून वापरात आहे. ते उगाळून मडक्याला आतून लावायचं आणि गढूळ पाणी भरून ठेवायचं, की गाळ तळाशी बसतो. संस्कृतात याच झाडाला कतक म्हणतात. कतकाचं फळ पाणी स्वच्छ करतं खरं, पण नुसतं त्याचं नाव घेतल्यानं पाणी निवळत नाही, असा श्लोक मनुस्मृतीच्या सहाव्या अध्यायात आहे. निवळकारांनी तो शब्दशः घ्यावा. ‘ही गोष्ट मला कळली’ असं म्हटल्यानं काही खाली बसत नाही, बी उगाळावंच लागतं. दोन लिटर पाण्याला एका बीचा चौथा भाग पुरतो.

एकट्यानं करता येते का?

नाही. दोघं लागतात: सांगणारा आणि हुंकारी. गोष्ट पाण्यात उतरते ती सांगणाऱ्याच्या आवाजानं, विरघळते ती हुंकाऱ्याच्या प्रश्नांनी. हुंकारी निवडताना घाई करू नका. ज्याला गोष्ट पाठ आहे तो प्रश्न विचारत नाही, दुरुस्त्या सुचवतो. आठ-नऊ वर्षांची मुलं फार चांगले हुंकारी होतात, कारण ‘का?’ विचारायला ती संकोचत नाहीत.

सगळी कृती एका गोष्टीवर करून दाखवाल का?

खुलभर दुधाची कहाणी घेऊ. श्रावणी सोमवारची ही कहाणी बहुतेकांना माहीत असते, आणि तिच्यात नवशिके नेमके जिथे चुकतात ती जागा आहे.

*पहिलं सांगणं.* संध्याकाळी घंगाळात दोन लिटर पाणी घ्या. सांगणाऱ्याचं तोंड पाण्यापासून वीतभर उंच असावं. आवाज नेहमीचा. ‘आटपाट नगर होतं’ इथपासून ‘सुफळ संपूर्ण’ इथपर्यंत कहाणी सलग सांगायची. राजाला महादेवाचा गाभारा दुधानं भरायचा असतो, म्हणून तो गावातलं सगळं दूध देवळात आणायचा हुकूम काढतो. लोक मुलांचं, वासरांचं दूध तोडून घागरी ओततात, गाभारा भरत नाही. मग एक म्हातारी घरच्यांना खाऊ घालून, लेकरांना आणि वासरांना दूध पाजून, उरलेलं खुलभर दूध घेऊन येते, आणि तेवढ्यानं गाभारा भरतो. राजा तिला शोधून काढतो, ती कारण सांगते. पुढे राजाही तसंच करतो आणि गाभारा भरतो. हुंकाऱ्यानं या वेळी फक्त ‘हूं’ द्यायचा, तोही वाक्य संपल्यावर. वाक्याच्या मध्ये दिला तर वाक्य तिथेच तुटून पाण्यावर तरंगत राहतं. सांगून होईपर्यंत पाणी पांढुरकं गढूळ झालं पाहिजे.

*दुसरं सांगणं.* अर्ध्या तासानं तीच कहाणी पुन्हा. आता हुंकाऱ्यानं विचारायचं. ‘मग काय झालं?’ हा प्रश्न इथे वर्ज्य, त्यानं गोष्ट घट्ट होते. ‘का?’नं सुटते. राजाला सगळंच दूध का हवं होतं? ते दिल्यावर घरात उपाशी कोण राहिलं? म्हातारी उशिरा का आली? तिनं आधी वासरांना का पाजलं? घागरींनी न भरलेला गाभारा एवढ्याशानं का भरला? उत्तर गोष्टीतूनच द्यायचं. गोष्टीत नसेल तर ‘गोष्टीत नाही’ एवढंच म्हणायचं, मनचं घालायचं नाही. सातपेक्षा कमी प्रश्नांत गोष्ट नीट सुटत नाही. अकराच्या पुढे साकाही विरघळायला लागतो आणि मग तळाशी काहीच बसत नाही.

*निवळ.* बी सहाणेवर दहा थेंब पाण्यात उगाळा, पळीभर पाण्यात कालवून घंगाळात ओता, एकाच दिशेनं सात वेळा ढवळा, झाका. आठ तास हात लावू नका. याच खोलीत दुसरी गोष्ट सांगू नका, टीव्हीही नको.

*थर काढणं.* सकाळी झाऱ्यानं फेस केळीच्या पानावर घ्या. राजा, सोमवार, महादेव, गाभारा, म्हातारी आणि दूधसुद्धा फेसातच येतं. कहाणीच्या नावातच दूध असल्यामुळे ते तळाशी सापडेल असं वाटतं, म्हणून हे मुद्दाम सांगितलं. मग वातीचं एक टोक पाण्यात आणि दुसरं खाली ठेवलेल्या भांड्यात सोडा. निवळ सावकाश उतरू द्या, दोन लिटरला तीन-चार तास लागतात. घंगाळ वाकवून ओतलीत तर साका उठलाच म्हणून समजा. शेवटचा पेलाभर धोतराच्या तुकड्यातून गाळा.

तळाला जेमतेम चिमूटभर साका मिळेल: *ज्यांचा हक्क आधीचा त्यांना दिल्याशिवाय वर चढवलेलं पोचत नाही.*

*नवी घडण.* साका पळीभर निवळीत कालवून मंद आचेवर ठेवा आणि नवा फेस थोडा थोडा घाला. समजा, एका दुष्काळी गावात पाण्याची नवी टाकी बांधली आहे. उद्घाटनाला ती काठोकाठ भरलेली दिसावी म्हणून सरपंच घरोघरचं पाणी आणायला सांगतो. हंडे, कळश्या, ड्रम रिकामे होतात, गुरांपुढच्या बादल्या उचलल्या जातात, टाकी अर्धीही भरत नाही. दुपारी एक आजी नातवंडांना पाजून, म्हशीपुढे बादली ठेवून, उरलेला तांब्या घेऊन येते. इथे दूध नाही, देव नाही, राजा नाही, आणि तरी ही तीच कहाणी आहे.

*बसवणं.* ही नवी गोष्ट तीन वेगळ्या दिवशी, मूळ कहाणी न ऐकलेल्या माणसाला सांगायची. पहिल्या सांगण्यात ती लवचिक असते, तेव्हाच काय ते बदला. तिसऱ्या सांगण्यानंतर ती बसते. ऐकणाऱ्यानं ती चौथ्या माणसाला सांगितली आणि त्या सांगण्यातूनही हाच साका निघाला, तर काम जमलं.

याच कहाणीत आमचा साका वेगळा येतो: ‘गरिबाचं थोडंसं दान श्रीमंताच्या मोठ्या दानापेक्षा मोठं.’ हे चूक आहे का?

चूक आहे, आणि सगळ्यात जास्त होणारी चूक हीच. म्हातारीचं दूध पोचतं ते ती गरीब आहे म्हणून नव्हे. तिनं होतं-नव्हतं ते सगळं आणून ओतलंय, असंही नाही. तिनं तर उरलेलं आणलंय. सगळंच्या सगळं आणलं ते गावानं, आणि गावाचं पोचलं नाही. शिवाय पुढे राजाच्या हातूनही गाभारा भरतो, म्हणजे गरिबी ही अट असूच शकत नाही.

ही चूक होते कारण ‘सर्वस्व देणाऱ्या गरिबाची’ गोष्ट आपल्या कानांवर बऱ्याचदा पडलेली असते आणि ती आधीच घंगाळाच्या कडेला चिकटलेली असते. त्या साक्यावर टाकीची गोष्ट घडवलीत तर आजी नातवंडांच्या तोंडचं पाणी काढून टाकीत ओतेल. कहाणी ज्याला चूक म्हणते नेमकं तेच तिच्या हातून होईल.

साका निघाला की नुसता उपदेश, हे कसं ओळखायचं?

साका एका वाक्यात मावतो, त्या वाक्यात विशेषनाम नसतं आणि त्यात देणं, घेणं, राखणं, मोडणं, फेडणं यांपैकी एखादी क्रिया असते. उपदेशाचं वाक्य शाळेच्या फळ्यावर सुविचार म्हणून शोभून दिसतं. साक्याचं तसं दिसत नाही, ते ऐकल्यावर ‘कोणी? कोणाला?’ असं विचारावंसं वाटतं. बोटांनीही फरक कळतो: साका रवाळ असतो, उपदेश बुळबुळीत. उपदेश जड दिसतो पण तळाला बसत नाही, घंगाळ हलकेच टिचकावलं की वर येतो. तो झाऱ्यानं काढून टाका. नव्या गोष्टीत घालू नका, ऐकणारा स्वतःचा काढतोच.

पालुपदाचं काय करायचं? ते फेसात येतं, निवळीत की साक्यात?

तिन्हींत सापडतं, कारण तिन्हींना धरून ठेवणारं तेच असतं. म्हणून पालुपद विरघळण्याआधी बाजूला काढून ठेवावं. पहिलं सांगणं झाल्यावर हुंकाऱ्यानं ते एकदा मोठ्यानं म्हणून ओल्या फडक्यात बांधायचं.

चिमणी-कावळ्याच्या गोष्टीत ‘चिऊताई चिऊताई दार उघड’ आणि ‘थांब, माझ्या बाळाला आंघोळ घालते’ ही देवाणघेवाण जितक्या वेळा व्हायची तितक्या वेळा झालीच पाहिजे. दारात भिजणाऱ्याला किती थांबवावं हाच त्या गोष्टीचा साका आहे आणि थांबणं मोजलं जातं ते पालुपदानं. दोनदा म्हटलं तर कावळा पुरेसा भिजत नाही, सहा-सात वेळा म्हटलं तर मुलं गोष्ट सोडून नुसतं पालुपद म्हणत बसतात. तीन-चार हे ठीक. या गोष्टीचा शेवट घरोघरी वेगळा असतो, याचा अर्थ शेवट निवळीत आहे. तो बदललात तरी चालेल.

परदेशातल्या मराठी मुलांसाठी ‘शेणाचं घर’ बदलावं का, असं वारंवार विचारलं जातं. आमचं मत: बदलू नका. पावसात वाहून जाणारं घर आणि पावसात टिकणारं घर एवढंच अर्थाला लागतं हे खरं, पण शेणाचं-मेणाचं हे यमक त्या दोन घरांना एकत्र बांधतं. पुठ्ठ्याचं आणि विटांचं घर केलंत तर अर्थ राहील, गोष्ट मात्र दोन दिवसांत सुटी होईल. शेण म्हणजे काय ते आधी सांगून टाका आणि बाकीचं बदला.

गोष्ट फाटली. का?

दोन गोष्टींचे साके एकत्र झाले. बहुतेक वेळा घंगाळ नीट धुतलेलं नसतं, किंवा सांगणाऱ्यानं मध्येच ‘यावरून आठवलं’ म्हणून दुसरं काही सांगितलेलं असतं. फाटलेल्या गोष्टीत पात्रं अर्ध्यातून स्वभाव बदलतात: पहिल्या भागात लबाड असलेला कोल्हा दुसऱ्या भागात न्यायनिवाडा करत बसतो. ती पुन्हा जुळत नाही. सगळं गाळून, दोन्ही गोष्टी वेगवेगळ्या सांगून, पहिल्यापासून सुरुवात करा.

गुठळ्या होतात, पातळ राहते, करपते: यांची कारणं काय?

गुठळ्या होतात त्या फेस एकदम ओतल्यामुळे. पहिल्या चार वाक्यांत आठ नावं आली की ऐकणारा नावांतच अडकतो. एका प्रसंगाला एक नाव पुरे, आणि ज्याला नाव नसलं तरी चालतं त्याला देऊ नका. कहाण्यांमधला ‘गरीब ब्राह्मण’, ‘एक म्हातारी’, ‘आटपाट नगर’ अशी बिननावाची पात्रं आणि गावं पाहा. गुठळी झालीच तर गोष्ट थांबवून तेवढा प्रसंग नावांशिवाय पुन्हा सांगा, बहुधा मोडते.

पातळ राहिली तर पालुपद कमी पडलं किंवा तिसरी खेप गाळली गेली. तीनदा घडणाऱ्या गोष्टीत तिसरी खेप वेगळी असते. ती काढून दोनच ठेवल्या तर फरक ऐकूच येत नाही.

करपते ती समजावण्यानं. आच मोठी ठेवून ‘म्हणजे त्याचा अर्थ असा की’ असं दर प्रसंगाखाली घालत गेलं की तळ लागतो. करपलेला वास पुढच्या सांगण्यांतही येतो. वरचा चांगला भाग दुसऱ्या भांड्यात काढून घ्या, तळ खरवडू नका.

तळाला साका बसलाच नाही.

तीन शक्यता. प्रश्न अकराच्या पुढे गेले. किंवा पाण्यात उतरवली ती गोष्ट नसून बातमी किंवा विनोद होता. विनोदाचा सगळा फेस होतो, बातमीची सगळी निवळ. किंवा सांगणाऱ्याला गोष्ट ऐकून माहीत नव्हती, गोषवारा वाचून माहीत होती. गोषवाऱ्यात साका आधीच काढून टाकलेला असतो.

कोणत्या गोष्टी विरघळत नाहीत?

छंदात बांधलेल्या. ओवी, अभंग, श्लोक पाण्यात उतरतात आणि जसेच्या तसे वर येतात. तुकोबांची गाथा इंद्रायणीत बुडवली आणि तेरा दिवसांनी ती कोरडी वर आली, ही कथा निवळकारांना याच कारणासाठी महत्त्वाची वाटते. लोकांच्या तोंडी पाठ असलेल्या अभंगांवर पाण्याची सत्ता चालत नाही. कागद भिजला असता तरी गाथा परत उभी राहिली असती. छंदातली गोष्ट निवळायचीच असेल तर आधी ती गद्यात, स्वतःच्या बोलीत सांगावी लागते, आणि त्यात बराच ऐवज गळतो हे मान्य करून.

दगडाला बांधलेल्या. रायगडाचे दरवाजे संध्याकाळी बंद झाले म्हणून तान्ह्या बाळासाठी कडा उतरून जाणारी हिरकणी घ्या. तिचं नाव फेसात येत नाही, कारण ते बुरुजाला चिकटलेलं आहे, आता तर एसटीच्या गाडीलाही. बुरूज उभा आहे तोवर ही गोष्ट दुसऱ्या गडावर नेता येत नाही. नेलीत तरी ऐकणारा ती रायगडावर परत आणतो. स्थळकथेची निवळणी करू नये, ती त्या जागी नेऊन सांगावी.

आणि काही नावं अशी असतात की उगाच सुटत नाहीत. पंचतंत्रातले करटक आणि दमनक हे कोल्हे सहाव्या शतकात पहलवी या जुन्या इराणी भाषेत गेले, आठव्या शतकात इब्न अल-मुकफ्फानं त्यांना अरबीत नेलं, आणि ते कलीला व दिम्ना झाले. भाषा बदलल्या, लिपी बदलल्या, धर्म बदलले, नावं झिजली पण गेली नाहीत. मधला पहलवी अनुवाद मात्र हरवला. अशी चिवट नावं झाऱ्याला येत नसतील तर ओढू नका, तशीच राहू द्या.

छापलेली गोष्ट थेट घेता येते का?

कागद पाण्यात घातला तर शब्द फुगतात, विरघळत नाहीत. आधी तोंडी करून घ्या: गोष्ट वाचा, पुस्तक मिटा, तीन दिवस जाऊ द्या, मग आठवेल तशी सांगा. जमेल तिथे ती गोष्ट मुळात कोणाच्या तोंडची, हेही शोधा. १८६८ साली मेरी फ्रिअर यांनी दख्खनच्या लोककथांचा इंग्रजी संग्रह छापला, त्यातल्या गोष्टी त्यांच्या आयानं, ॲना लिबेराता डिसूझा यांनी सांगितलेल्या होत्या, आणि त्यांचं स्वतःचं निवेदनही त्या पुस्तकात आहे. संग्राहकाच्या नावाशेजारी सांगणारीचं नाव असलं की तिच्या तोंडचं काय आणि लेखणीनं काय घातलं, हे वेगळं करता येतं. बरणीवर साक्याबरोबर सांगणाऱ्याचं नाव लिहिण्याची पद्धत त्यासाठीच आहे.

विरघळवण्याऐवजी जाळली तर? राखेतून नवी गोष्ट होते, असं ऐकलं आहे.

होत नाही. आगीत साका उरत नाही. सातवाहन राजानं नाकारलेल्या बृहत्कथेची आख्यायिका हेच सांगते: गुणाढ्यानं पैशाची भाषेत, स्वतःच्या रक्तानं लिहिलेल्या सात लाख श्लोकांपैकी एकेक पान रानातल्या पशुपक्ष्यांना वाचून दाखवून अग्नीत टाकलं. ऐकताना जनावरं चरायची थांबली, म्हणून राजाच्या ताटातलं मांस सुकं येऊ लागलं आणि चौकशी सुरू झाली. राजा पोचला तेव्हा सहा लाख श्लोक जळून गेले होते. उरलेल्या लाखातून पुढे पुष्कळ घडलं. अकराव्या शतकात काश्मिरात सोमदेवानं संस्कृतात सांगितलेल्या कथा त्याच धारेतल्या. जळलेल्या सहा लाखांतून काहीही निघालं नाही. मूळ पैशाची ग्रंथही आज उपलब्ध नाही.

गोष्ट आटवायची असेल तर प्रमाण किती?

साठास पाच. कहाण्यांच्या शेवटी ‘ही साठा उत्तरांची कहाणी पाचा उत्तरी सुफळ संपूर्ण’ म्हणतात, तेच माप. साठ वाक्यांची गोष्ट पाच वाक्यांपर्यंत खुशाल आटवा. चारवर आणली की पालुपद जातं, तीनवर आणली की ती म्हण होते. उलट पाचाची साठ करताना निवळ दर खेपेला थोडी थोडी घालावी आणि दर दहा वाक्यांनी साका चाखून पाहावा.

कोणाची गोष्ट घ्यायची नाही?

जिवंत माणसानं विश्वासानं सांगितलेलं दुःख घ्यायचं नाही. त्याचा फेस बदलून काही उपयोग होत नाही, साक्यावरून तो माणूस स्वतःला ओळखतो.

एखाद्या समाजाची रोजीरोटी ज्या गोष्टींवर आहे त्या विचारल्याशिवाय घेऊ नका. कुडाळजवळच्या पिंगुळीचे ठाकर चित्रकथी एकेक चित्र पुढे धरत आख्यान सांगतात. तिथे निवळ चित्रांच्या पोथीत असते आणि पोथी घराण्याची असते. क्रम उचललात तर पोथी उचलल्यासारखंच आहे. आधी जाऊन ऐका, मानधन द्या, मग विचारा. नाही म्हणाले तर नाही.

व्रताच्या दिवशी, कहाणी वाचली जाते त्या घरात, तीच कहाणी विरघळवू नका. दुसऱ्या दिवशी हरकत नाही.

आणि ज्या गोष्टीचा सांगणारा एकच उरला आहे ती कधीही पाण्यात घालू नका. आधी ती जशी आहे तशी, त्यांच्या बोलीत, त्यांच्या थांबण्यासकट ध्वनिमुद्रित करा आणि किमान दोघांना शिकवा. निवळणी ही पुष्कळ तोंडी असलेल्या गोष्टींसाठी आहे.

काढलेला फेस टाकून द्यायचा का?

मुळीच नाही. सावलीत वाळवून डब्यात ठेवा. पुढच्या पिढीला कपडे, भांडी, नाती, वार कळतात ते याच फेसातून. खुल म्हणजे केवढं भांडं, हे विचारणारं कोणी भेटलं तर डबा उघडून दाखवता आला पाहिजे. फक्त एक गोष्ट वाळवताना वेगळी काढा: जातीवरून किंवा रंगावरून ठरवलेला दुष्टपणा. तो डब्यात चिठ्ठी लावून ठेवावा, नव्या गोष्टीत घालू नये. तो काढल्यानं साका हलत नाही, हे कितीही गोष्टींवर करून पाहा.

साका किती दिवस टिकतो?

कोरड्या बरणीत, झाकण घट्ट लावून, वर्षभर. मात्र मधूनमधून तो मोठ्यानं म्हणावा लागतो, अमावास्येला एकदा पुरे. न म्हटलेला साका कडक होतो आणि मग कालवताना फुटतो. कडक झालाच तर मूळ गोष्ट बरणीजवळ बसून एकदा सांगा, नरम येतो.

पहिल्यांदा कोणती गोष्ट घ्यावी?

म्हातारी आणि भोपळा. पालुपद पक्कं आहे, फेस झरकन सुटतो, साका मोठा बसतो आणि सांगणारे पुष्कळ आहेत. चिमणी-कावळा दुसरी. कहाण्या त्यानंतर. रामायण-महाभारतातली उपाख्यानं पहिल्या वर्षात नकोत, त्यांचे साके एकमेकांत गुंतलेले असतात आणि एक ओढला की चार हलतात.

घंगाळ कसं धुवायचं?

चिंच आणि जाडं मीठ लावून आतून-बाहेरून घासा, तीन पाण्यांनी खळबळा, उन्हात पालथं घाला. धुतल्यावर घंगाळाला कान लावून पाहा. आत अजून पालुपद ऐकू येत असेल तर पुन्हा एकदा चिंच लावा. साबण वापरू नका, पुढच्या गोष्टीला खोटा फेस येतो आणि तो खऱ्यापासून वेगळा करता येत नाही.